भिंतीवर उमटलेली सभा

"बंद पडनं म्हनजे मरनं नही. कोठे अडकनं, ते दखा."

दिपमालाचं हे अहिराणी बोलणं गावात सगळ्यांना पाठ झालं होतं. विहिरीवरची मोटार गुरगुरून गप्प झाली, शेजारणीचा मिक्सर फिरेनासा झाला, कुणाच्या मोबाइलचा आवाज गेला, की माणसं तिच्या ओट्यावर यायची आणि ती आधी हेच म्हणायची. वस्तू हातात घेण्याची तिला घाई नसे. आधी विचारायची, शेवटची कधी चालली होती? त्यानंतर तिला कुणी हात लावला? काय हललं, काय बदललं? डॉक्टर नाडी धरून बसावा तशी ती बसायची, आणि समोरचा माणूस बोलता बोलता स्वतःच सांगून जायचा की काल पोरानं वायर ओढली होती.

ती मूळची धुळ्याची. बाप रिक्षा चालवायचा. रिक्षा रस्त्यात थांबली की शिव्या न देता खाली उतरून एकेक भाग बोटानं चाचपायचा, आणि मागच्या सीटवरून ही पोर ते बघत राहायची. कॉलेजात कॉम्प्युटर शिकली, टायपिंगमध्ये पहिली आली. मग चोपड्याच्या बाजूला, सातपुड्याच्या पायथ्याशी असलेल्या केळीच्या गावात लग्न होऊन आली. नवरा भूषण केळीच्या गाडीवर ड्रायव्हर. माल भरला की तो उत्तरेकडे निघायचा आणि बरेच दिवस घरी नसायचा. घरात उरायचे दोघं, ती आणि तिचे सासरे निंबा आबा.

निंबा आबा म्हणजे 'जय कानबाई साउंड सर्व्हिस'. पंचक्रोशीतलं एकही लग्न, एकही उत्सव आबांच्या कर्ण्याशिवाय झालेला नव्हता. श्रावणात कानबाईच्या सणाचे रोट असले, की आबांचा सेट आदल्या संध्याकाळीच लागायचा. त्यांच्याकडे एक जुना माइक होता. पितळी जाळीचा, हातात धरला तर नारळाएवढा वजनदार. कार्यक्रमाआधी आबा त्याला हळदकुंकू लावायचे, उदबत्ती ओवाळायचे आणि मगच तो स्टँडवर चढवायचे. "बठ्ठा तालुका त्यावर बोलेल शे," असं ते सांगायचे. आणि ते काही फारसं खोटं नव्हतं.

लग्नानंतर दुसऱ्याच वर्षी कडबा कुट्टीच्या मशीनमध्ये दिपमालाचा उजवा हात सापडला. अंगठा आणि करंगळी तेवढी राहिली. टायपिंगमध्ये पहिली आलेली पोर. दवाखान्यातून घरी आली त्या दिवशी आबांनी कर्णा उतरवून ठेवला आणि तिचा हात बरा होईपर्यंत कुणाच्या लग्नाची सुपारी घेतली नाही. तिनंच एके दिवशी त्यांना म्हटलं, "आबा, सेट काढा बाहेर. घर फार गप्प झालंय." त्यानंतर तिनं डाव्या हातानं लिहायला घेतलं. अक्षर वेडंवाकडं यायचं, वेळ लागायचा. मग कुणाकडून तरी जुना लॅपटॉप घेतला आणि त्यावर बोललेलं टाइप करणारं सॉफ्टवेअर टाकलं. त्याला इंटरनेटही लागत नसे. इअरफोनच्या बारीक माइकमध्ये ती मराठी बोलायची आणि पडद्यावर अक्षरं उमटायची. आबा दारात उभे राहून बघायचे. आवाज मोठा करणारी यंत्रं त्यांनी जन्मभर हाताळली होती. आवाजाचं अक्षर करणारं यंत्र त्यांनी पहिल्यांदाच पाहिलं. त्या रात्री जेवताना ते एवढंच म्हणाले, "माय, तू तं मना बी पुढे गयी."

गावात केळी उत्पादकांची सोसायटी होती. तिथला जुना लिपिक काम सोडून गेला. तो सभेत नुसता बसायचा आणि सभेचं इतिवृत्त घरी जाऊन सवडीनं लिहायचा. सवडीनं लिहिताना कुणाचं बोलणं राहून जायचं, कुणाचं वाढायचं. राहून जाणाऱ्यांत धुरपदाबाई नेहमी असायच्या. एकट्या बाईमाणसानं केळी लावलेली, सभेत उठून बोलायच्या, पण कागदावर कधी आल्या नाहीत.

जागा रिकामी झाली तशी दिपमालानं चेअरमन मगन नानांकडे अर्ज दिला. पंच मंडळींत चुळबुळ झाली. पुना भाऊ हे सोसायटीचे जुने सभासद, स्पष्ट बोलण्याची त्यांना फार हौस. ते म्हणाले, "पोर हुशार शे, मी नही म्हनत नही. पन लिपिकले लिव्हता याले पाहिजे. हात कोठे शे तिना?"

दिपमाला समोरच उभी होती. ती म्हणाली, "भाऊ, वार्षिक सभेत मी सगळ्यांसमोर लिहून दाखवते. जो जे बोलेल ते तिथंच भिंतीवर दिसेल. सभा उठायच्या आत इतिवृत्त वाचून दाखवेन. नाही जमलं तर माझा अर्ज मीच परत घेईन."

मगन नानांना ते पटलं. ठरलं, की तिची नेमणूक सभेतच मंजूर करायची, नाहीतर सभेतच संपवायची. गावभर ही गोष्ट झाली. माणसं केळीच्या बुंध्याशी फुटलेली पिलं कापता कापता त्यावर बोलायची.

सभेच्या दिवशी सोसायटीच्या गोदामात सतरंज्या टाकल्या होत्या. शाळेतून प्रोजेक्टर आणला होता आणि पांढऱ्या भिंतीवर त्याचा उजेड पडला होता. दिपमाला सकाळीच येऊन सगळं मांडून, एकदा चालवून बघून, घरी भाकरी टाकायला गेली होती. ती गेल्यावर आबा आपला सेट घेऊन आले.

टेबलावर तो लॅपटॉप आणि त्याला लोंबणारी ती बारीक वायर बघून आबांना कसंसंच झालं. आज सगळं गाव बसणार. आज आपल्या सुनेची परीक्षा. आणि तिनं बोलायचं ते या सुतळीएवढ्या वायरीत? लग्नात नवरीला फाटकं लुगडं नेसवण्यातला हा प्रकार झाला. आबांनी ती वायर हळूच काढली, नीट गुंडाळली आणि आपल्या पत्र्याच्या पेटीत ठेवली. मग पितळी जाळीचा माइक पुसला, हळदकुंकू लावलं, उदबत्ती ओवाळली आणि त्याची जाड काळी वायर एका छोट्या पिनेच्या जोडणीनं लॅपटॉपला लावून दिली. माइक स्टँडवर चढला. दुरून बघितलं तेव्हा त्यांना बरं वाटलं. येणाऱ्या प्रत्येकाला ते सांगत राहिले, "आज सूनले मना माइक लायेल शे."

दिपमाला आली, तिनं माइक पाहिला आणि हसली. आबांच्या पाया पडली. माणसं बसली होती, बाया एका बाजूला दाटीनं बसल्या होत्या. मगन नानांनी सभा सुरू केली आणि तिला खूण केली.

तिनं सॉफ्टवेअर उघडलं. भिंतीवर एक चौकट आली, क्षणभर थांबली आणि तिथं अक्षरं उमटली: 'सुरू करता येत नाही.' मग चौकट मिटली.

तिनं पुन्हा उघडलं. पुन्हा तेच.

भिंत एवढी मोठी होती, की ती चार शब्दांची ओळ मागच्या माणसालाही वाचता येत होती.

"काय वं वहिनी," पुना भाऊंनी बसल्या जागेवरून आवाज टाकला, "तुनं यंत्र मुकं व्हई गयं का?"

लोक हसले. "नेट नही व्हई," एक जण म्हणाला. "बंद करीसन चालू कर," दुसरा म्हणाला. "त्याले बी नजर लागनी व्हई, मीठ ववाळी टाक," बायांतून धुरपदाबाई म्हणाल्या आणि बाया खळखळून हसल्या.

दिपमालाही हसली. आबा तिच्याकडे टक लावून बघत होते. तिच्या कपाळावर घाम होता, पण आवाज शांत होता. "अक्का, मीठ नंतर ववाळू," ती म्हणाली. "सकाळी हे चाललं होतं. तेव्हा मधल्या वेळात काहीतरी बदललंय. काय बदललं ते शोधू."

मग तिनं जे केलं ते गावानं बघितलं, कारण सगळं भिंतीवर दिसत होतं. एखादी बाई तांदूळ निवडते तशी ती एकेक दाणा बाजूला करत गेली. आधी लॅपटॉप पूर्ण बंद करून पुन्हा चालू केला. सॉफ्टवेअर उघडलं. तेच. मग तिनं एक फोटो उघडला, तो भिंतीवर दिसला. "म्हणजे कॉम्प्युटर बरा आहे," ती म्हणाली. दुसरे दोन-तीन प्रोग्राम उघडले, तेही उघडले. "म्हणजे बाकीचं घर जागं आहे, एकच खोली बंद आहे." मग सेटिंगमध्ये जाऊन बघितलं, की या सॉफ्टवेअरला माइक वापरायची परवानगी आहे का. परवानगी होती. मग तिनं ऐकणाऱ्या साधनांची यादी उघडली. ती यादी भिंतीवर आली आणि रिकामी होती.

दिपमालानं भिंतीकडे बोट केलं.

"हे सॉफ्टवेअर उठतं," ती हळू म्हणाली, "आपल्या कानाशी कोण बोलणार ते शोधतं, कुणी दिसत नाही, आणि परत झोपतं. ते बिघडलेलं नाही. त्याला माइकच दिसत नाहीये."

लॅपटॉपचा स्वतःचा माइक जुन्या मालकाच्याच हातात मेला होता. तिची नजर काळ्या जाड वायरीवरून सरकत पिनेपर्यंत आली. तिनं डाव्या हातानं पिन थोडी बाहेर ओढली. आबांनाही ती दिसली. चकचकीत पिनेवर दोन काळ्या रेघा. तिच्या बारीक वायरीच्या पिनेवर तीन असायच्या. आबांनी सकाळी ती गुंडाळताना पाहिल्या होत्या, पण त्यांचा अर्थ त्यांच्या ध्यानात आला नव्हता. एवढ्याशा लॅपटॉपला एकच भोक, ऐकायचंही तेच आणि बोलायचंही तेच. आबांची पिन आत गेली की त्याला वाटायचं, हा स्पीकर लावलाय. समोर माइक आहे हे त्याला कळतच नव्हतं.

तिला कळलं. आबांनी तिचा चेहरा बघितला आणि त्यांनाही कळलं. जन्म गेला होता वायरींत.

तिनं एकदा आबांकडे बघितलं आणि लगेच नजर काढून घेतली. मग मोठ्यानं म्हणाली, "आबा, मागच्या लोकांना काही ऐकू जात नाही. तुमचा माइक कर्ण्याला लावा ना. गावाला मोठं तोंड लागतं. कॉम्प्युटरला बारीक वायर पुरेल. कुठे आहे ती?"

"पेटीमा शे," आबा म्हणाले. "गुंडाळीसन ठेयेल शे."

त्यांनी ती काढून दिली. पितळी माइकची वायर त्यांनी आपल्या ॲम्प्लिफायरला जोडली आणि पहिल्याच फुंकरीला गोदाम घुमलं. दिपमालानं बारीक वायर खोचली. भिंतीवरच्या रिकाम्या यादीत एक नाव आलं. तिनं सॉफ्टवेअर उघडलं.

'सुरू करता येत नाही.'

आता कुणी हसलं नाही. हे जास्त वाईट होतं. आबांना वाटलं, गोदामाची जमीन आपल्याला आत घेईल तर बरं.

दिपमालानं यादीतलं माइकचं नाव पुन्हा तपासलं. "माइक दिसतोय," ती स्वतःशीच म्हणाली, "तरी उठत नाही. मग दुसरं काहीतरी वाटेत आहे." तिनं चालू असलेल्या कामांची यादी उघडली. त्या लांब यादीत त्याच सॉफ्टवेअरचं नाव होतं. मघाशी लॅपटॉप चालू केल्यावर उघडायला गेलं होतं आणि अर्ध्यातच अडकून बसलं होतं. ना आत, ना बाहेर. "हे बघा," ती गावाला म्हणाली, "पहिला दाराशी आडवा पडलाय, म्हणून दुसऱ्याला आत येता येत नाही." तिनं तो अडकलेला बंद केला. मग पुन्हा उघडलं.

चौकट आली. थांबली. आणि या वेळी मिटली नाही. कोऱ्या पानासारखी भिंत उघडी राहिली आणि तिच्यावर एक बारीक रेघ लुकलुकू लागली.

"सोसायटीची वार्षिक सभा सुरू झाली," दिपमाला म्हणाली, आणि ते शब्द भिंतीवर चालत आले.

गोदामात असा आवाज झाला जसा कुस्तीत डाव बसल्यावर होतो.

पण पुना भाऊ उभे राहिले. ते वाईट मनाचे नव्हते, त्यांना फक्त बोलल्याशिवाय राहवत नसे. "चालू व्हयनं, चांगलं व्हयनं," ते म्हणाले. "पन ते अडकनं काबर, ते कोन्ही सांगं नही. माइक दिसना नही म्हने. सकायले दिसना, आते दिसना नही. उद्या सभेमा आखो असंच व्हयनं तं? लिपिकले आपलं यंत्र काबर रुसनं हेच माहीत नसी, तं नेमनूक कशी करवानी?"

मगन नानांनी मान डोलावली. "बोलणं बरोबर आहे. दिपमाला, सकाळी चाललेलं आता का अडलं? कारण माहीत असेल तर सांग, म्हणजे पुढं जाऊ."

दिपमालानं मान खाली घातली.

ज्या प्रश्नावर तिची नेमणूक टांगली होती त्याचं उत्तर तिच्याकडे होतं, आणि ती ते देत नव्हती. भिंतीवरची रेघ लुकलुकत होती. सासऱ्याला गावासमोर चुकीचं ठरवून ती नोकरी घेणार नव्हती. आबांना ते तिच्या खाली घातलेल्या मानेवरून दिसलं. तिचा उजवा हात पदरात होता. लाजली की ती तो पदरात घ्यायची. ती चुकली नव्हती, तरी तो हात पदरात होता.

आबा चालत पितळी माइकपाशी गेले. त्यांनी तो स्टँडवरून काढून हातात घेतला. एवढ्या वर्षांत दुसऱ्यांसाठी त्यांनी त्यात हजारदा 'हॅलो, माइक टेस्टिंग' म्हटलं होतं. स्वतःचं बोलणं त्यात कधी बोलले नव्हते.

"मी सांगस काबर अडकनं," ते म्हणाले, आणि त्यांचा आवाज कर्ण्यातून बाहेर केळीच्या बागांपर्यंत गेला. "तिनी वायर मी काढी. हौस करीसन मना माइक लाया. त्या माइकनी पिन तिना यंत्रले चालत नही. हे तिले आधीच समजनं. पन तिनी मना मान राखा, तोंड उघडं नही. आते मीच उघडस. चूक मनी शे. धुंडी काढनारी मनी सून शे." ते थांबले. श्वास घेतला तोही कर्ण्यातून ऐकू गेला. "इतला वरीस मी लोकेसना आवाज मोठा करा. आज तिना करस. पुना, आखो काही इचारनं व्हई तं इचार."

पुना भाऊ बसले. बसता बसता म्हणाले, "ते बी इतिवृत्तमा लिव्ह वं वहिनी."

"लिव्ह, लिव्ह," आबा म्हणाले. "मनं नाव मोठं लिव्ह."

सगळं गोदाम हसलं, आणि दिपमालाचा हात पदरातून बाहेर आला.

मग सभा चालली. माणसं अहिराणीत बोलायची, ती ऐकायची आणि नीट लेखी मराठीत बारीक माइकला सांगायची, आणि सगळ्यांच्या डोळ्यांदेखत ते भिंतीवर उमटायचं. कुणी म्हणायचं, असं नाही, असं म्हणालो मी, आणि ती तिथंच बदलायची. धुरपदाबाई उठल्या. "केयीनं वजन मना डोयासमोर व्हवाले पाहिजे. घड कापना की काटा वावरमाच लागाले पाहिजे. दर सालले सांगस, कोन्ही ऐकत नही."

दिपमाला बोलली आणि भिंतीवर आलं: 'केळीचे वजन उत्पादकाच्या समक्ष शेतातच करण्यात यावे, अशी सूचना श्रीमती धुरपदाबाई यांनी मांडली.'

"मनं नाव कोठे शे?" म्हातारीनं विचारलं. तिला वाचता येत नव्हतं.

दिपमाला उठून भिंतीशी गेली आणि बोट ठेवून दाखवलं. धुरपदाबाई लुगडं सावरत सतरंज्या ओलांडून पुढे आल्या. त्यांनी भिंतीवर हात ठेवला, तशी प्रोजेक्टरच्या उजेडातली अक्षरं भिंतीवरून त्यांच्या मनगटावर, सुरकुत्यांवर आली. त्यांनी आपला हात वर-खाली करून बघितला. कुणीही त्यांना घाई केली नाही.

शेवटी इतिवृत्त वाचून झालं. वाचायलाही दिपमालाच उभी राहिली, आणि या वेळी आबांनी पितळी माइक तिच्या तोंडासमोर धरला. तिची नेमणूक मांडायला पुना भाऊ सगळ्यांच्या आधी उठले. अनुमोदनाला बायांतून इतके हात वर आले, की मगन नानांनी मोजायचं सोडून दिलं.

इतिवृत्ताची प्रत छापून आणून सह्या घ्यायच्या होत्या आणि प्रिंटर फाट्यावरच्या दुकानात होता. कुणीतरी म्हणालं, मोटारसायकलवर सोडतो. "नको," ती म्हणाली, "जाते चालत. कामाला लागले ना आता." तिनं लॅपटॉप पिशवीत घातला, पिशवी उजव्या खांद्याला अडकवली आणि डोक्यावर पदर घेऊन निघाली.

दुपार कलली होती. केळीच्या बागांमधून फाट्याकडे जाणारा रस्ता सरळ होता. गोदामाच्या दारात निंबा आबा वायर गुंडाळत उभे होते, आणि अर्धी गुंडाळलेली वायर त्यांच्या हातात तशीच राहिली होती. शेजारी धुरपदाबाई डोळ्यांवर आडवा हात धरून बघत होत्या.

"कशी चालस दखा," त्या म्हणाल्या.

ती वळणावरच्या पाटाशी पोहोचली, पाणी ओलांडायला तिनं लुगडं किंचित उचललं, आणि पलीकडं निघून मोठ्या पानांच्या सावलीत चालत राहिली. दिसेनाशी होईपर्यंत दोघं दारातच उभे होते.